निळा थेंब

पहिल्याच दिवशी आम्ही तिघेही तहानेने मेलो, आणि तेही नदीच्या काठावर. आधी ड्रायव्हर आडवा झाला, मग मास्तर, शेवटी मी. पडद्यावर बर्फ पडत राहिला, आम्ही पेटवलेली शेकोटी बराच वेळ जळत राहिली, आणि मरायच्या अगदी क्षणभर आधीपर्यंत आम्ही एकमेकांचं अभिनंदन करत होतो. असं का, ते सांगते. पण त्याआधी आमची ओळख करून द्यायला हवी, नाहीतर तुम्ही आम्हाला वेड्यात काढाल.

दवाखान्याच्या तळमजल्यावर एक लांबट दालन आहे. खिडकीशी तीन आरामखुर्च्या, आणि प्रत्येक खुर्चीच्या डाव्या अंगाला छातीइतक्या उंचीचं एक यंत्र. आमची मूत्रपिंडं निकामी झालेली, म्हणून आम्ही तिघे दर दिवसाआड दुपारी इथे येतो. डाव्या हातात दोन सुया टोचून घेतो आणि चार तास बसतो. एका नळीतून रक्त बाहेर जातं, दुसरीतून धुऊन परत येतं. शरीरात साठलेलं पाणी यंत्र काढून घेतं आणि किती काढलं ते पडद्यावर दाखवतं. तो आकडा वाढला की सिस्टर खूश, डॉक्टर खूश, आपणही खूश. पाण्याशी आमचं उभं वैर. दिवसाला एक लहान बाटली, गोळ्या गिळायचे घोट त्यातच धरून. फारच जीव कासावीस झाला तर बर्फाचा एक खडा जिभेवर.

मला हे मोजूनमापून जगणं इतरांपेक्षा सोपं गेलं. मी वजनमाप खात्यात निरीक्षक होते. दुकानदारांचे तराजू उलटेपालटे करण्यात आणि त्यांचे शिव्याशाप खाण्यात नोकरी गेली. माझ्या पाठीमागे ते मला काटाबाई म्हणत. इथे ड्रायव्हर आणि मास्तर तोंडावर म्हणतात. ड्रायव्हर लांब पल्ल्याच्या बसवर होता, त्यामुळे त्याला बसून राहायची सवय आहे, पण समोर रस्ता नसला की तो चिडचिडा होतो. मास्तर शिंपी. बोलतो कमी, आणि बोलला तर टाचणी तोंडात धरल्यासारखा ओठ न हलवता.

चौथा माझा भाऊ, बारक्या. नाव बारक्या, पण दारातून आत येताना खांदा तिरका करावा लागतो असा धिप्पाड गडी. लिफ्ट दुरुस्त करतो. आई गेली तेव्हा तो शाळेतही जात नव्हता. त्याला न्हाऊमाखू घातलं, अक्षरं गिरवून घेतली, पहिली नोकरी लागली तेव्हा शर्टाला इस्त्री करून दिली, सगळं मी. त्याच्यासाठी मी लग्न केलं नाही असं लोक म्हणतात. ते खोटं आहे, मला कुणी आवडलाच नाही.

तर या बारक्याचं मूत्रपिंड मला जुळतं. त्याने माझ्या नकळत तपासण्या करून घेतल्या आणि निकाल घेऊनच माझ्यासमोर उभा राहिला. परीक्षेत पहिला आल्यासारखा चेहरा होता. मी म्हटलं, नाही. त्याची बायको आहे, दोन मुली आहेत, तो रोज लिफ्टच्या खोल बोगद्यात दोरावर लटकून काम करतो. आणि खरं सांगायचं तर मी त्याच्याकडून आजवर काही घेतलेलं नाही. त्याने दिलेली साडीसुद्धा मी भावजयीच्या कपाटात परत ठेवून आले होते. इतकी वर्षं देत आल्यावर माझा हात पालथाच राहिलाय, तो उताणा करणं मला जमेना.

डॉक्टरीणबाईंनी मात्र काही झाकून ठेवलं नाही. माझ्या हातातल्या शिरा एकामागून एक दगा देत होत्या. दोनदा जागा बदलून झाली होती. सुई टोचायला जागाच उरली नाही तर यंत्र शेजारी असून काही फायदा नाही, असं त्यांनी तोंडावर सांगितलं. म्हणजे मी किती जगणार हे त्या एका 'नाही'वर अवलंबून होतं. दालनात सगळ्यांना ते ठाऊक होतं, आणि कुणी बोलत नव्हतं.

बारक्यालाही मी गप्प केलं होतं. "हा विषय पुन्हा काढलास तर इथे यायचं नाही," असं मी त्याला बजावलं होतं. त्याने विषय काढणं सोडलं, येणं सोडलं नाही. सकाळचं काम उरकून तो मला घेऊन यायचा आणि बाहेरच्या बाकावर चार तास बसायचा, कारण नातेवाइकांना आत सोडत नाहीत. घरी परतताना आम्ही दोघं गाडीत मुकाट. आम्ही दोघं, जे फोनवर कोथिंबिरीच्या जुडीवरून तासभर बोलायचो. तरी माझा हेका मला सोडवेना.

मग एके दिवशी तो सिस्टरपुढे जाऊन उभा राहिला. हातात वायरचं भलंमोठं वेटोळं होतं.

"सिस्टर, आत तिघांना एक खेळ खेळता येईल असं करू का? संगणकावरचा. मी बाहेरून खेळीन."

सिस्टर म्हणजे दालनाची मालकीणच. तिने त्याला वरून खालपर्यंत पाहिलं. "काय खेळ?"

"बेटावर जगायचा. लाकडं तोडायची, शेकोटी करायची, शिकार, झोपडी. सगळ्यांनी मिळून तग धरायचा."

"तेच तर करतायत इथे," सिस्टर म्हणाली. पण तिचं मन विरघळलं असावं, कारण अटी घालायला लागली. जमिनीवर एकही वायर दिसता कामा नये. यंत्रांच्या प्लगला हात लावायचा नाही. आणि आत येणारी प्रत्येक वस्तू आधी स्पिरिटने पुसायची.

ज्या कचेऱ्यांच्या लिफ्ट तो बघतो, तिथून त्याने बाद झालेले लॅपटॉप मिळवले होते. दवाखान्याचं वायफाय नावापुरतं होतं आणि त्यावरचे संगणक एकमेकांना दिसत नसत, तशी सोयच केलेली होती. म्हणून त्याने स्वतःचा राउटर आणला आणि बाहेर बाकाजवळ लावला. पण बाक आणि आमचं दालन यांच्यामध्ये यंत्रांसाठी पाणी शुद्ध करण्याची खोली आहे, छताला टेकलेल्या दोन टाक्यांची. राउटरच्या लहरी त्या टाक्यांपर्यंत यायच्या आणि तिथेच विरायच्या. पाण्यातून वायफाय जात नाही, हे त्याला त्याच्या थोरल्या मुलीने फोनवर सांगितलं. इथेही पाणीच आमच्या आडवं आलं.

तेव्हा केबल. वायर ओढायचं काम निघालं की बारक्या खुलतो. सकाळी दालन रिकामं असताना येऊन त्याने दाराच्या चौकटीला बारीक भोक पाडलं, छताच्या कडेने क्लिपा ठोकत केबल आणली, खिडकीशी एक छोटी पेटी बसवली आणि तिच्यातून तीन केबली तीन खुर्च्यांकडे सोडल्या. दुपारी आम्ही येऊन बसलो तेव्हा पेटीवर हिरवे दिवे लुकलुकत होते. मास्तरने ते काम नुसतं पाहिलं आणि मान डोलावली. टीप सरळ आली होती.

पुढचे दोन दिवस मात्र काही जमेना. राउटर नुसता शोभेला होता, तो अर्धा बिघडलेला निघाला. म्हणून बारक्याने तो काढून केबल थेट स्वतःच्या लॅपटॉपला जोडली आणि प्रत्येक संगणकाला पत्त्याचा आकडा हाताने दिला. त्यात ड्रायव्हर आणि मास्तर यांना चुकून एकच आकडा गेला. एक खेळात शिरला की दुसरा बाहेर. दोघंही आपापल्या ठिकाणी फुरंगटून बसले. ते सुटलं तर माझ्या लॅपटॉपवरचा खेळ जुना निघाला, आणि जुन्याला नव्याचं जग दिसत नाही. पेनड्राइव्हवरून नवा चढवला. शेवटी सगळं जुळलं, तरी मास्तरच्या पडद्यावर यादी रिकामीच.

सिस्टर निरोप्या झाली होती. बाहेर जायची, ऐकून यायची. "ते विचारतायत, सुरुवातीला संगणकाने काही परवानगी मागितली होती का?"

"मागितली होती," मास्तर म्हणाला.

"मग?"

"मी नाही म्हटलं. ओळख ना पाळख, कशाला हो म्हणू?"

ती परवानगी दिल्यावर यादीत एक नाव उगवलं. जग एकच होतं, आणि ते बारक्याच्या लॅपटॉपवर राहत होतं. तो होस्ट, आम्ही त्याच्या जगातले पाहुणे. तो असेल तेवढाच वेळ ते बेट असायचं.

आमचा डावा हात सुयांमुळे हलवायचा नसतो, आणि खेळात चालायची बटणं नेमकी डाव्या हाताखाली. म्हणून बारक्याने सगळं माउसवर आणून दिलं होतं. उजवं बटण दाबलं की चालायचं, डाव्याने कुऱ्हाड, मधलं चाक दाबून धरलं की खाणंपिणं. एका हाताने जगायचं, एवढंच.

बेट सुंदर होतं, हे कबूल करायला हवं. राखाडी समुद्र, काळी झाडं, आणि सारखा भुरभुरणारा बर्फ, ज्याचा आवाज येत नव्हता. रक्त बाहेर फिरून येतं तेव्हा ते थोडं निवलेलं असतं, त्यामुळे आम्हाला तिथे बसल्या बसल्या हुडहुडी भरते आणि तासाभराने डोळ्यांवर झापड येते. दोन पांघरुणांत गुरफटून, यंत्राची घरघर ऐकत, अर्ध्या मिटल्या डोळ्यांनी मी त्या बर्फात चालले, आणि कुठली थंडी खुर्चीतली नि कुठली बेटावरची हे कळेनासं झालं. तीन म्हातारी माणसं एका रांगेत, न बोलता, पांढऱ्या उतारावरून खाली उतरत होती. समोर चौथं माणूस उभं होतं, धिप्पाड, आमची वाट बघत. मी कितीतरी दिवसांनी बारक्याच्या शेजारी जाऊन उभी राहिले.

थंडीचं आम्हाला कुणी शिकवायला नको होतं. आम्ही शेकोटी पेटवली आणि अर्धं रान जाळलं. पडद्याच्या कोपऱ्यात तीन खुणा होत्या. लाल हृदय, पिवळी भाकरी, निळा थेंब. निळा थेंब हळूहळू रिकामा होत होता.

"काटाबाई, माझा अर्धा झाला," ड्रायव्हर म्हणाला.

"माझा त्याहून कमी," मी म्हटलं. मला बरंच वाटलं.

"छान उतरतोय," मास्तर म्हणाला.

पाणी उतरतंय म्हणजे सगळं ठीक चाललंय, हे आमच्या हाडांत मुरलेलं. यंत्राच्या पडद्यावर आम्ही तेच तर बघत असतो. तिघांपैकी एकाच्याही डोक्यात दुसरा विचार आला नाही. नदी शेजारी खळखळत होती आणि आम्ही तिच्याकडे पाठ करून बसलो होतो, जशी घरी माठाकडे करतो. थेंब पार रिकामा झाला तेव्हा ड्रायव्हरने "शाब्बास" म्हटलं आणि तो बर्फात कोसळला.

त्याच वेळी बाहेर आरडाओरडा झाला. दाराला एक छोटी काच आहे, तिच्यापलीकडे बारक्याचं तोंड दिसलं. तो काचेवर थापा मारून ओरडत होता, "अहो प्या! ड्रायव्हरकाका, मास्तर, प्या ना, भरपूर प्या!"

सिस्टरचा चेहरा लालबुंद झाला. डायलिसिसच्या माणसांना भरपूर प्या म्हणून सांगणारा इसम तिने तिच्या नोकरीत पाहिला नव्हता. ती तरातरा बाहेर गेली आणि त्याची अशी काही खरडपट्टी काढली की आम्हाला दार बंद असून ऐकू आली. तेवढ्यात मास्तर मेला, मीही मेले. मग अर्थ लक्षात आला आणि आम्ही हसत सुटलो. माझ्या यंत्राने दाब वाढल्याची शिटी वाजवली. ड्रायव्हर डोळे पुसत म्हणाला, "शिस्तीने मेलो हो आपण."

दुसऱ्या खेपेला आम्ही सगळ्यात आधी नदीवर गेलो. मी मधलं चाक दाबून धरलं. कानात घातलेल्या इअरफोनमधून घटाघट आवाज आला, आणि थेंब खालून वर निळा होत गेला. माझा घसा आपोआप हलला. मी चाक सोडलंच नाही. भरून वाहिला तरी पीत राहिले. शेजारी पाहिलं तर ड्रायव्हर पीत होता, मास्तर पीत होता, डोळे मिटून, नुसता आवाज ऐकत. त्या दिवशी आम्ही शिकारीला गेलो नाही की झोपडी बांधली नाही. दुपारभर नदीच्या काठी ओणवे होऊन तिघे पाणी पीत बसलो. खिडकीतून ऊन पांघरुणांवर सरकत होतं. मला वाटलं, हे असंच चालू राहिलं तर माझी कशाबद्दल काही तक्रार नाही. सिस्टरने दोनदा येऊन आमच्या उशांखाली बाटली आहे का ते चाचपलं.

पुढचे काही आठवडे मी जणू तिथेच राहायला गेले. घरी स्वयंपाक करताना मनात झोपडीचं छप्पर असायचं. झोपेत बर्फ पडायचा. गाडीत बारक्या आणि मी पुन्हा बोलू लागलो, पण फक्त बेटाबद्दल. लांडगे कुठे असतात, साल कुठल्या झाडाची चांगली. तो रस्त्यावर नजर ठेवून बोलायचा आणि मी खिडकीबाहेर बघून. मूत्रपिंडाचं नाव कुणी काढलं नाही. डॉक्टरीणबाईंनी एकदा विचारलं, अजून नाहीच का? मी म्हटलं, नाहीच.

बेटावर माझं जुनंच चालू होतं. जे मिळेल ते मी बारक्याच्या पुढ्यात नेऊन टाकायची. कातडी, भाजलेलं मांस, कातडी पखालीत भरलेलं पाणी. एकदा ड्रायव्हर वैतागून म्हणाला, "अहो काटाबाई, तो नदीत उभा आहे. त्याला कसलं पाणी पाजताय?" आणि पडद्यावर खाली बारक्याची अक्षरं आली. त्याला टंकायला फार वेळ लागतो. "ताई माझी पिशवी भरलीय. जागा नाही." मी तरी ते मांस त्याच्या पायाशी ठेवलंच. ते तिथे सडलं. मला वाईट वाटलं, पण सवय कुठे जाणार.

त्या दिवशी बाहेर कडक ऊन होतं. बारक्या सकाळपासून एका उंच इमारतीच्या लिफ्टच्या बोगद्यात होता आणि तिथून तडक मला घ्यायला आला. चेहरा जरा ओढलेला दिसला. मी विचारलं, तर म्हणाला, काही नाही. नेहमीसारख्या सुया टोचल्या, पांघरुणं आली, हिरवे दिवे लुकलुकले, आणि मी बर्फात उतरले. आम्हाला त्या दिवशी डोंगर ओलांडायचा होता. बारक्या पुढे, त्याच्या पावलांवर पाऊल टाकत मी, मागे दोघं. मी अर्धवट गुंगीत होते. पुढे त्याची पाठ होती, आणि बर्फात ती कधी दिसायची, कधी पुसली जायची.

मग ती थांबली. आम्हीही थांबलो. तो वळेना, बोलेना. मी त्याच्या भोवती फिरून आले. डोळे उघडे, चेहरा कोरा. एक लांडगा आला आणि त्याला चावू लागला, तरी तो उभाच. मी कुऱ्हाड चालवली. पुढच्या क्षणी डोंगर, बर्फ, लांडगा सगळं गेलं. काळा पडदा, आणि त्यावर इंग्रजीत एक ओळ. होस्टशी संपर्क तुटला.

"केबल निघाली," ड्रायव्हर म्हणाला.

"क्लिपा नीट आहेत," मास्तर म्हणाला. तो छताकडे बघत होता.

बाहेर काहीतरी जड पडल्याचा आवाज आला होता का, की मला नंतर तसं वाटलं, सांगता येत नाही. सिस्टर मात्र दाराच्या काचेतून डोकावली आणि धावत गेली. दार तिच्यामागे उघडं राहिलं. मला बाक दिसला, बाकावरून लोंबणारी केबल दिसली, आणि फरशीवर बारक्याचे बूट. बूट आडवे होते.

"बारक्या," मी हाक मारली. मग मोठ्याने मारली.

मी उठायला गेले. यंत्राने किंचाळून सगळं दालन डोक्यावर घेतलं. दुसरी नर्स धावत आली आणि तिने मला खांद्यांना धरून खाली दाबलं.

"सोडवा मला. सुया काढा."

"बाई, तुमचं रक्त बाहेर आहे. ते आधी आत घ्यायला हवं. वेळ लागतो."

"नको मला ते. राहू दे तिथेच. माझा भाऊ पडलाय."

"त्यांच्याजवळ माणसं आहेत. तुम्ही हलू नका."

मी तिला नाही नाही ते बोलले. त्याची मला लाज वाटते, पण तेव्हा वाटली नाही. यंत्राचं चाक संथपणे फिरत होतं, नळीतून रक्त सावकाश परत येत होतं, आणि बूट कुणीतरी उचलून नेले. दार मिटलं. माझ्याजवळ होतं नव्हतं ते सगळं त्याला देऊन टाकायची माझी तयारी होती, आणि मला एक पाऊल टाकता येत नव्हतं. कुणी मला टाकू देत नव्हतं. तेव्हा मला कळलं की त्या बाकावर बसून बारक्या इतके महिने काय करत होता. तो हेच करत होता. आणि त्याला खुर्चीत दाबून धरणारी मी होते.

सुया निघाल्या तशी मी हाताला पट्टी दाबून धरत वरच्या मजल्यावर गेले. बारक्या एका पलंगावर पडला होता, पाय बाहेर आलेले. कपाळावर टेंगूळ. डॉक्टरीणबाई शेजारी उभ्या होत्या.

"घाबरू नका," त्या म्हणाल्या. "भोवळ आली. अंगात पाणीच नाही. एवढ्या उकाड्यात काम, आणि सकाळपासून घोटभरही प्यालेले नाहीत. विचारलं तर सांगत नाहीत."

त्या गेल्या. मी बारक्याकडे बघितलं. त्याने नजर छताला लावली होती, लहानपणी काच फोडल्यावर लावायचा तशी.

"का प्याला नाहीस?"

"राहून गेलं."

"बारक्या."

त्याने कपाळावरचं टेंगूळ चाचपलं. मग म्हणाला, "तुला सुया असतात त्या दिवशी मी पीत नाही. म्हणजे अगदीच नाही असं नाही. तुझ्याइतकंच पितो. एक बाटली."

"कधीपासून?"

"पहिल्यापासून."

 माझ्या तोंडून शब्द फुटले ते सगळे रागाचे. मी म्हटलं, बैला, अक्कल गहाण टाकलीस का, दोरावर लटकणारा माणूस तू, वर भोवळ आली असती तर काय झालं असतं, तुझ्या मुलींना मी काय तोंड दाखवलं असतं. तो ऐकत राहिला. मी दमले तेव्हा म्हणाला, "तू काही घेतच नाहीस ताई. मग मी तरी काय करू? निदान तहान तरी वाटून घेतली."

मी खाली बसले. मी नाही म्हटलं म्हणून तो सुखरूप आहे, या एका गोष्टीवर मी इतके दिवस काढले होते. तो सुखरूप नव्हता. त्याला आजाराबाहेर ठेवलंय असं मी समजत होते, आणि तो माझ्याबरोबर आजारी पडून बसला होता, निरोगी मूत्रपिंडं घेऊन, बंद दाराबाहेर. माझ्या मापात निघाली इतकी मोठी खोट मी आजवर कुणाच्या दुकानात पकडली नव्हती. मला रडू आलं आणि मी ते आवरलं नाही. बारक्या घाबरला. त्याने मला रडताना आई गेली तेव्हासुद्धा पाहिलं नव्हतं.

उशाशी पाण्याचा तांब्या आणि पेला होता. मी पेला काठोकाठ भरला आणि त्याच्या तोंडासमोर धरला.

"ऊठ. पी."

"ताई, मी म्हणतो..."

"तू काही म्हणू नकोस. पी. तुझ्यापायी माझं मूत्रपिंड सुकेल."

तो उठून बसत होता, तो तसाच अर्ध्यात थांबला.  त्याने विचारलं, "तुझं?"

"डावं की उजवं ते डॉक्टरीणबाई ठरवतील. पण दोन्हींतलं एक आता माझं आहे, आणि ते मला धडधाकट हवंय. पी."

त्याने पेला घाईने ओढून घेतला, त्यामुळे थोडं पाणी पांघरुणावर सांडलं. बाकीचं तो घटाघट प्याला. मी त्याच्याकडे बघत होते, आणि मला सडकून तहान लागली. मग मी दुसरा पेला भरला.